डोळ्यांपुरतंच

९ सप्टेंबर

चौथा चष्माही बाद. कचऱ्यात टाकवला नाही, ड्रॉवरमध्ये टाकला — काच चांगली आहे. सकाळी घातला तेव्हा समोरच्या औषधवाल्याची पाटी एक. जेवून परत आले तर दोन! एकीच्या डोक्यावर दुसरी, तिरकी बसलेली. पुन्हा मोजलं. दोन चित्रं एक करणारा प्रिझम सकाळच्या दुप्पट लागतोय.

नवऱ्याला म्हटलं, "काच घासताना तू केंद्र चुकवलंस." मागच्या खोलीतून बाहेर आला, चष्मा घेतला, मशीनखाली धरला, परत दिला. "बरोबर आहे." संपलं. या माणसाशी भांडण म्हणजे भिंतीशी चेंडू खेळणं. दमायचं आपणच.

त्यात डावी पापणी. दुकानाचं शटर पडायच्या आधी हिचं पडतं. आज एक गिऱ्हाईक — अंगभर अत्तर, बोटात तीन अंगठ्या — मी डोळा मारला असं समजला. "अजून एखादी फ्रेम दाखवा ना," करत गुलूगुलू बोलत बसून राहिला. काउंटरवरून नणंद: "अगं, मारायचाच तर निदान माणूस बघून तरी मार!" अख्खं दुकान हसलं. अंगठ्यावालाही.

नणंद म्हणजे नवऱ्याची थोरली बहीण. मी डोळे तपासते, तो काचा घासतो, ती बोलते. बोलता बोलता फ्रेमा विकते. "तुम्हाला काय शोभतोय हो!" — हे ती सगळ्यांना म्हणते. गाढवाला म्हणेल. तोंडावर मी तिला ताई म्हणते, इथे दवंडी म्हणणार. काहीही तिच्या कानावर घाला, संध्याकाळपर्यंत चौकात पोचलेलं असतं.

१२ सप्टेंबर

पाचवा चष्मा. चहापर्यंत टिकला.

१५ सप्टेंबर

आज एक बाई अक्षरांचा तक्ता पाठ करून आल्या होत्या. गाडीच्या परवान्यासाठी दाखला हवा म्हणे. घडाघडा म्हणून दाखवला, शेवटच्या ओळीसकट. मी मुकाट्यानं दुसरा तक्ता लावला. तर माझ्यावरच चिडल्या! "आधीचा नीट वाचला होता ना मी?"

केवढी हसले मनातल्या मनात. आणि मग जिना उतरताना चाटच पडले. मी स्वतःला कधी तपासते? सकाळी. दुकान उघडायच्या आधी, झोप झालेली, डोळे ताजे. पाचही वेळा सकाळीच. म्हणजे मीही पाठ केलेला तक्ताच वाचतेय!

दुसऱ्या कुणाचं मोजमाप दोनदा असं बदललं असतं तर तिसरा चष्मा बनवलाच नसता. हाताला धरून डॉक्टरकडे पाठवलं असतं. स्वतःच्या बाबतीत मात्र पाच चष्मे आणि नवऱ्याच्या नावानं शंख.

१८ सप्टेंबर

बर्फ रुमालात गुंडाळून मिटलेल्या पापणीवर धरला. थोडा वेळ, थेंब मानेवर ओघळेपर्यंत. काढला. पापणी वर! चक्क वर, उजवीच्या बरोबरीनं. बघता बघता परत खाली आली.

कॉलेजात यावर जेमतेम एक पान होतं. नाव आठवतं: मायस्थेनिया ग्रॅव्हिस. वापरलं की थकतं, विसावा दिला की सुधारतं, थंडाव्यानं तात्पुरतं बरं. तोंडी परीक्षेत मी ते फाडफाड सांगितलं होतं. आता नवऱ्याला सांगताना जीभ अडखळली.

तो म्हणाला, "मग आता सहावा नको ना करायला?"

याला काय म्हणावं? रडू आलं. रागानं.

२६ सप्टेंबर

मेंदूवाल्या डॉक्टरांकडे. बाहेर एवढं ताटकळत ठेवलं की समोरच्या तीन जणांचे चष्मे मी मनातल्या मनात सरळ केले. आत गेले तर डॉक्टरांचाच वाकडा! डावी बाजू वर, उजवी काच गालाला टेकलेली. ज्याला स्वतःच्या नाकावरचं दिसत नाही तो माझ्या डोक्यातलं काय बघणार?

पण बघितलं नीट, हे लिहायला हवं. वर बघायला लावलं आणि तसंच बघत राहायला लावलं. पापणी कशी घसरते ते शांतपणे पाहिलं. हात ताणून धरायला लावले, एका दमात आकडे मोजायला लावले. रक्त घेतलं. छातीचं स्कॅनही सांगितलं. तिथे एक ग्रंथी असते, लहानपणी कामाची आणि मोठेपणी उगाच बसून खाणारी. प्रत्येक घरात असतंच असं कुणीतरी.

"नस ठीक आहे, स्नायू ठीक आहे. मधला निरोप पोचत नाही. शरीरच तो अडवतं." मग म्हणाले, "सध्या डोळ्यांपुरतंच आहे."

सध्या!

"पहिली दोन वर्षं जपायची. बऱ्याच जणांचं डोळ्यांतून पुढे सरकतं. चावणं, गिळणं, आवाज, श्वास. यातलं काहीही झालं तरी लगेच कळवायचं. अंगावर काढायचं नाही." स्टेरॉइडचंही निघालं — लवकर दिलं तर कदाचित पुढे सरकत नाही, असं काहींचं मत आहे म्हणे. काहींचं, कदाचित. मी म्हटलं विचार करते. तूर्त साध्या गोळ्या.

डोळे मला कळतात. डोळ्यांचं काय करायचं ते मी बघेन. बाकी मला कुणाचा पेशंट व्हायचं नाही.

१ ऑक्टोबर

दवंडी पिटून झाली. आज दिवसभरात मिळालेले सल्ले: गाजराचा रस. डोळ्यांना पाण्याचे हबके. अनवाणी गवतावर चालणे — कुणाच्या तरी मावससासऱ्याचं असंच होतं, गवतानं खडखडीत बरे झाले. आणि एक निवृत्त हेडमास्तर, हळू आवाजात: "ताण घेऊ नका. सगळं मनाचं असतं." यांचा मोतीबिंदू पिकून पांढरा झालाय. तोही मनाचाच का?

दवंडीला म्हटलं, "ताई, हे चारचौघांत सांगायची काय गरज होती?"

"अगं, लोक विचारतात. काय सांगू? डोळा मारते म्हणून सांगू?"

स्कॅन स्वच्छ आलं. ग्रंथी निर्दोष सुटली. रक्तात मात्र आजाराची खूण सापडली.

९ ऑक्टोबर

गोळीनं पापणी उचलते, पोटात मुरडा येतो. दोन्ही एकदमच. घड्याळ लावून माणूस व्हायचं आणि घड्याळ लावून परत ढेपाळायचं.

दोन-दोन दिसण्यावर तोडगा मिळाला, आणि तो इतका फालतू आहे की पाच प्रिझमांची लाज वाटते. एका काचेवर धुरकट चिकटपट्टी! एक डोळा झाकला की दुसरं चित्र येणारच कुठून? काळी पट्टीही चालते. ती लावून बघितली तर एक छोटी मुलगी आईच्या मागे लपली आणि दवंडी म्हणाली, "समुद्री चाच्या आला गं, चाच्या!" म्हणून धुरकट. एक दिवस डावीकडे, एक दिवस उजवीकडे, म्हणजे कुठलाच डोळा आळसावत नाही.

तपासायला अडत नाही. गिऱ्हाइकाच्या डोळ्यात प्रकाश टाकून बघायचं ते मी जन्मभर एकाच डोळ्यानं बघत आलेय. अडतं ते पाणी ओतताना. पेला दिसतो तिथे नसतो. आज भांडंभर पाणी बेधडक टेबलावर ओतलं. नवऱ्यानं फडकं आणलं, पुसलं, पेला माझ्या हातात दिला. बोलला असता तर बरं झालं असतं.

१७ ऑक्टोबर

आज मलाच माझा अभिमान वाटतोय, तो लिहून टाकते, उद्या टिकेल न टिकेल.

पापणीला टेकू! चष्म्याच्या वरच्या कडेला आतल्या बाजूनं बारीक तार, पापणीच्या घडीखाली बसेल अशी कमानदार वाकवलेली. कल्पना जुनीच आहे, पुस्तकात चित्र असतं. पण माप चेहऱ्यावरच घ्यावं लागतं. अर्धा मिलिमीटर इकडचा तिकडे झाला तर एक तर टोचते, नाहीतर पापणी तारेवरून कपडा घसरावा तशी घसरते. मी वाकवली, नवऱ्यानं डाग देऊन ती फ्रेमला जोडली, वर मऊ नळी चढवली. सातव्यांदा जमलं. मधूनमधून तार सैल करून पापणी पूर्ण मिटायची, डोळ्यात थेंब घालायचे, नाहीतर बुबुळ कोरडं पडतं.

आरशात बघितलं. एक डोळा माणसाचा, एक घुबडाचा. पण उघडा!

नवरा म्हणाला, "दुकानात ठेवायची का ही? विक्रीला?" मला वाटलं चेष्टा करतोय. करत नव्हता.

४ नोव्हेंबर

डॉक्टरांनी माझा टेकू बघितला आणि मला न विचारता एक माणूस पाठवून दिला. "तिथल्या बाई करून देतात." मी काय लोहार आहे?

गाण्याचे मास्तर होते म्हणे. दोन्ही पापण्या पडलेल्या, मान मागे टाकून फटीतून जग बघणारे. बोलणं नाकातून. आणि बोलताना हनुवटीखाली मूठ धरलेली — जबडा लोंबू नये म्हणून! प्रत्येक शब्दाला मुठीचा आधार. मला ते बघवेना. दयेनं नाही. खोटं कशाला लिहू? किळस आली.

"माझंही आधी डोळ्यांतच होतं," ते म्हणाले. विचारलं होतं का मी?

भराभर माप घेतलं. तार बसली, डोळे उघडले, आणि मास्तर रडायला लागले. खिडकीतून झाड दिसतंय म्हणून. झाड! धुळीनं माखलेलं, एका बाजूला महापालिकेनं छाटलेलं. दवंडीनं त्यांच्यासाठी स्टूल पुढे ओढलं, चहा मागवला, तासभर गप्पा झोडल्या. मास्तर एकेक घोट मान खाली घालून घेत होते, ती मध्ये बोलायची थांबत होती. तेवढीच तिची विश्रांती.

जाताना मास्तर माझ्याकडे बघून म्हणाले, "बाई, उशीर करू नका हं." कशाला उशीर?

५ नोव्हेंबर

ते गेल्यावर मी खुर्ची पुसली होती. स्पिरिटनं. हा रोग लागत नाही. मला माहीत आहे. तरी पुसली.

२० नोव्हेंबर

एक बाई तणतणत उठून गेल्या. "नंबर वाढला यात एवढं तुच्छतेनं बघण्यासारखं काय आहे?"

मी हसत होते! चांगलं, धंद्याचं हसू. आरशात जाऊन परत हसून बघितलं. ओठांचे कोपरे वर जातच नाहीत. वरच्या ओठाचा मधला भाग तेवढा उचलतो, दात दिसतात. कुत्रं गुरगुरताना दिसतात तसे.

याला म्हणतात न्याय. इतकी वर्षं मनात एक आणि चेहऱ्यावर एक ठेवून धंदा केला. आता चेहऱ्यानं मनाशी जुळवून घेतलं.

संध्याकाळ होती, थकवा होता. ओठ म्हणजे डोळ्यांच्या जवळचंच. चेहराच तो. याला काही 'पुढे सरकणं' म्हणत नाहीत.

३ डिसेंबर

दवंडीशी खडाजंगी. दुकान बंद करताना म्हणाली, "अगं, संध्याकाळी तुझा आवाज बदलतो. फोनवर मला वाटलं दुसरीच कुणी बाई. त्या मास्तरांसारखा येतो, नाकातून."

"सर्दी आहे."

"महिनाभर?"

"तुम्ही काचा पुसा, ताई. ते तुम्हाला जमतं."

ती फडकं घेऊन खरंच काचा पुसायला लागली. पुसलेल्याच पुन्हा. मग पाठमोरीच म्हणाली, "मी नाही सांगितलं हं हे कुणाला. अजून."

दवंडी, आणि सांगितलं नाही! हिच्या तोंडात तीळ भिजत नाही. मग हे महिनाभर कसं राहिलं?

आणि ते 'अजून' म्हणजे धमकी की काय?

११ डिसेंबर

डॉक्टरांकडे तपासणी. नवरा बरोबर होता. चष्मा वाकडाच. यावेळी हात पुढे करून सरळ करून टाकावा असं फार वाटलं.

"गिळताना काही त्रास?"

"नाही."

नवऱ्यानं माझ्याकडे बघितलं. परवा सूप नाकातून आलं तेव्हा रुमाल त्यानंच दिला होता.

"चावताना?"

"नाही." सफरचंद मी हल्ली किसून खाते. त्याला काही चावणं म्हणत नाहीत, म्हणजे चावताना त्रास नाही. तर्काला धरून आहे!

"स्टेरॉइडचं काय ठरवलंत?"

"डोळ्यांपुरतंच आहे ना? बघू."

नेहमी नवरा माझ्या पट्टीच्या बाजूनं चालतो, आज परतताना पुढे चालत होता.

१२ डिसेंबर

स्वतःला विचारलं पाहिजे. अर्ध्या नंबरचा फरक राहिला तर मी काच परत घासायला लावते. माणूस म्हणतो चालेल, मी म्हणते चालणार नाही. आणि काल डॉक्टरांच्या तोंडावर दोनदा खोटं!

का? औषधाची भीती? तोंड सुजेल म्हणून? नाही, चेहऱ्याचं काय राहिलंय आता.

मला वाटतं असं आहे: डोळ्यांचा आजार म्हणजे माझं काम. तार वाकवा, पट्टी लावा, मोजा. डोळ्यांच्या खाली उतरला की मी त्या स्टुलावर. मूठ हनुवटीखाली, झाड बघून रडणारी, आणि समोर कुणीतरी खुर्ची पुसायला टपलेलं. माझ्यासारखंच कुणीतरी.

एवढं कळतंय तर फोन का करत नाही? उद्या करते.

१३ डिसेंबर

गिऱ्हाइकांची गर्दी. राहिलं.

२९ डिसेंबर

मास्तर तार सैल करून घ्यायला आले होते. मी कामात आहे असं सांगायला लावलं. नवऱ्यानं काम केलं. आतून ऐकू येत होतं, दवंडी आणि मास्तर फिदीफिदी हसत होते. हसायला जमतं त्यांना! मुठीचा आधार देऊन हसतात.

१४ जानेवारी

खरीखुरी सर्दी. आता तरी दवंडीचं तोंड बंद होईल. ताप थोडा. खोकला येतो पण जोर नाही. आवाज निघतो, कफ निघत नाही.

१५ जानेवारी

आडवं झालं की गुदमरल्यासारखं होतं, म्हणून खुर्चीत. तार घालायचं त्राण नाही, एका हातानं पापणी धरून दुसऱ्यानं लिहितेय. अक्षर बघा काय झालंय.

डॉक्टरांनी मोजायला लावले होते तसे एका दमात आकडे मोजले. तेव्हा चाळीसच्या पुढे गेले होते. आज बारा. पुन्हा मोजले. दहा. नवरा दारात उभा राहून ऐकत होता, ते मला माहीत नव्हतं. "अजून डोळ्यांपुरतंच?" म्हणाला. आयुष्यात पहिल्यांदा टोमणा मारला त्यानं, आणि मला उत्तर द्यायला श्वास नाही.

दवंडी जिन्यात कुणाशी तरी ओरडून बोलतेय. गाडी आणा म्हणतेय. सगळ्या इमारतीला कळलं अस

तारीख माहीत नाही

उजवी पापणी. डावी नको. हां, अशीच वर धरा. बोट सुटलं की ओळ जाते.

घशातल्या नळीमुळे बोलता येत नाही, लिहितेय एवढंच. ऐकू सगळं येतं. तुम्ही नर्सला काय काय सांगितलंत तेही. फ्रेम घ्यायला येणार आहे म्हणे ती.

डॉक्टरांना सांगा, मी खोटं बोलले. गिळायचा त्रास नोव्हेंबरपासून. आवाजाचं तुम्हीच सांगा, मला नीट माहीत नाही. काही ठेवू नका. जी देतील ती औषधं द्या म्हणावं.

उभ्या का, ताई? खुर्ची ओढा. बसून धरा.

तुमच्या भावाला दुकानात पाठवा. तुम्ही नका जाऊ.